चालता येतंय, मग मोडलं कसं?

2025च्या जुलैमध्ये मँचेस्टरच्या ओल्ड ट्रॅफर्डवर रिव्हर्स स्वीप मारायला गेलेल्या ऋषभ पंतच्या उजव्या बुटावर ख्रिस वोक्सचा चेंडू आदळला. मोजा काढला तेव्हा पावलाच्या कडेला टेंगूळ आलेलं होतं आणि पाय जमिनीला टेकवेना. छोट्या गाडीत बसवून त्याला मैदानाबाहेर नेलं, पुढे तपासणीत हाड मोडल्याचं निघालं. दुसऱ्या दिवशी तोच पंत लंगडत पुन्हा फलंदाजीला आला आणि 37 वर थांबलेली खेळी 54 पर्यंत नेऊन परतला. ओव्हलच्या कसोटीला मात्र त्याला मुकावं लागलं. टाळ्या पडल्या, त्या पडायलाच हव्या होत्या. पण कुणाचा पाय मुरगळला की घरोघरी जो पहिला निर्वाळा दिला जातो, ‘चालता येतंय ना? मग काही मोडलेलं नाही’, तो त्या दिवशी कोट्यवधी लोकांच्या डोळ्यांदेखत खोटा ठरला.

या निर्वाळ्याला वैद्यकानेही शंभर वर्षांपूर्वीच सुरुंग लावला होता. लिव्हरपूलचे शल्यचिकित्सक रॉबर्ट जोन्स यांचं पाऊल नाचता नाचता बाहेरच्या कडेवर पडलं आणि आत काहीतरी तुटल्यासारखं झालं. मित्राच्या आधाराने ते तीन-चारशे यार्ड चालत आपल्या घोडागाडीपर्यंत गेले. हाडांचा एवढा जाणता माणूस, पण त्यालाही वाटलं की स्नायूची दोरी तुटली असावी. क्ष-किरणांचा शोध लागून तेव्हा जेमतेम काही वर्षं झाली होती. सहकाऱ्याने फोटो काढला तर करंगळीकडे जाणारं लांब हाड बुडाजवळ मोडलेलं. जोन्स यांनी 1902 साली स्वतःच्या पावलासह अशा रुग्णांची हकीकत छापली आणि हे मोडणं आजही ‘जोन्स फ्रॅक्चर’ म्हणूनच ओळखलं जातं.

मोडक्या पायाने माणूस चालतो कसा? एका पावलात 26 हाडं असतात, दोन्ही मिळून 52. म्हणजे अंगातल्या 206 हाडांपैकी चौथा हिस्सा निव्वळ पावलांत. त्यांना एकमेकांशी बांधणारी लिगामेंट भरपूर आणि भक्कम. खाटेच्या विणीतली एक दोरी तुटली म्हणून खाट लगेच खाली बसत नाही, तसं मधलं एखादं लांब हाड मोडलं तरी शेजारची चार हाडं भार उचलून धरतात. माणूस टाचेवर जोर देत, पाय फिरवून टाकत चालत राहतो, आणि घरचे म्हणतात, ‘मुका मार आहे, दोन दिवसांत उतरेल.’

‘बोटं हलवून दाखव’ ही दुसरी घरगुती परीक्षा. तिचा तर पावलाच्या हाडांशी फारसा संबंधच नाही. बोटं वर-खाली करणारे मुख्य स्नायू पावलात नसतात. ते वर, नडगीलगत आणि पोटरीत असतात आणि त्यांच्या लांबलचक दोऱ्या घोट्यावरून बोटांपर्यंत येतात. मधलं हाड मोडलं तरी दोरी शाबूत असेल तर बोटं हलणारच.

आवाजाचंही तसंच. ‘कडकन आवाज आला, म्हणजे मोडलंच’ असं ठामपणे सांगणारे पुष्कळ भेटतात. लिगामेंट फाटतानाही आवाज येतो, आणि कधी कधी हाड मोडतानाच येत नाही. सूज आणि काळं-निळं होणं यांवरूनही निकाल देता येत नाही. अटलांटाच्या 1996च्या ऑलिंपिकमध्ये केरी स्ट्रग या अमेरिकन जिम्नॅस्टने दुखावलेल्या पायानिशी दुसरी उडी मारली, एका पायावर उतरली आणि कोसळली. तिला उचलून न्यावं लागलं, पण दुखापत निघाली ती घोटा मुरगळून लिगामेंट फाटल्याची. शिवाय साकळलेलं रक्त उताराने खाली सरकतं. घोट्यापाशी लागलेल्या माराचा निळेपणा दोन दिवसांनी बोटांच्या मुळाशी दिसतो आणि सगळे नको त्या जागी बोट ठेवून बसतात.

मग ओळखायचं कशावरून? कॅनडातल्या ओटावाच्या डॉक्टर इयन स्टील आणि सहकाऱ्यांनी 1992 साली याचं नेटकं उत्तर दिलं. मुरगळलेल्या प्रत्येक पायाचा एक्स-रे काढण्याची गरज नाही, पण कुणाचा टाळायचा नाही हे कळलं पाहिजे, हा त्यांचा मुद्दा. त्यांच्या नियमात सुजेला स्थानच नाही. महत्त्व आहे ते बोटाने दाबल्यावर नेमकं हाडावर दुखतं का, याला.

दाबायच्या जागा मोजक्या आहेत. घोट्याच्या दोन्ही बाजूंची जी टेंगळं हाताला लागतात, त्यांची मागची कड, टोकापासून वर सहा सेंटिमीटरपर्यंत, म्हणजे साधारण तीन-चार बोटं. इथे ‘मागची’ या शब्दाला वजन आहे. साध्या मुरगळण्यात ज्या लिगामेंटला इजा होते ते बाहेरच्या टेंगळाच्या पुढच्या अंगाला असतं, त्यामुळे पुढून दाबलं तर नुसता लचकलेला पायही ठणकतो. तिसरी जागा पावलाच्या बाहेरच्या कडेच्या मध्यावर. तिथे एक उंचवटा बोटाला लागतो, ते करंगळीच्या लांब हाडाचं बूड. चौथी आतल्या बाजूला, घोट्याच्या किंचित पुढे, कमानीच्या माथ्यावर. तिथल्या हाडाला नेव्हिक्युलर म्हणतात. यांपैकी कोणत्याही एका ठिकाणी दाबल्यावर हाड दुखलं, किंवा मार लागल्या क्षणीही आणि तपासतानाही चार पावलं टाकता आली नाहीत, तर एक्स-रे हवा. लंगडत टाकलेलं पाऊलही मोजतात.

म्हणजे चालण्याची परीक्षा ओटावाच्या नियमातही आहे. फरक एवढाच, की न चालता येणं हा एक्स-रे काढण्याचा पुरावा आहे, पण चालता येणं हा न काढण्याचा पुरावा एकट्याने होत नाही. जगभरच्या अभ्यासांतल्या 15 हजारांहून अधिक रुग्णांचा आढावा 2003 साली घेतला गेला. नियमाने ज्यांना ‘मोडलेलं नाही’ म्हटलं, त्यांत हाड मोडलेले दोन टक्क्यांहून कमी निघाले. घरच्यांनी मात्र ही परीक्षा एकाच दिशेने वापरावी. दुखलं तर निघायचं हे ती सांगते. नाही दुखलं म्हणून थांबायचं की नाही, हे हात बसलेल्या डॉक्टरांनी ठरवावं. दारू प्यालेला, पायाची संवेदना गेलेला, किंवा दुसरीकडे मोठा मार लागल्याने पायाकडे लक्षच नसलेला माणूस असेल तर हा नियम लागूच होत नाही.

टाच या नियमात नाही आणि टाचेची गोष्टच वेगळी. कोकणात माडावरून पडलेला पाडेली, बांधकामाच्या परांचीवरून घसरलेला मजूर, दहीहंडीच्या वरच्या थरातून थेट पायांवर आलेला गोविंदा, ही सगळी उंचावरून टाचांवर आदळणारी माणसं. मोडलेली टाच दोन्ही बाजूंनी रुंदावते आणि काही तासांत निळेपणा तळव्याच्या मध्यापर्यंत उतरतो. तळव्यावरचा निळा डाग मुरगळण्यात सहसा दिसत नाही, म्हणून तो दिसला की संशय पक्का. टाच मोडलेल्या दहांपैकी एकाच्या आसपास रुग्णांचा कमरेतला मणकाही मोडलेला असतो. अशा माणसाला ‘ऊठ, जरा उभा राहून बघ’ म्हणणं घातक. आडवाच ठेवून 108ला फोन करावा.

तळव्याच्या मधोमध निळेपणा आणणारी आणखी एक दुखापत आहे, लिसफ्रँक. नेपोलियनच्या सैन्यातल्या एका शल्यचिकित्सकाचं हे नाव. त्या काळी रिकिबीत पाऊल अडकून घोड्यावरून पडणाऱ्यांची पावलं मध्यावर निखळत. आता घोडे गेले, पायरी चुकणारे आणि दुचाकीवरून पडणारे आले. ही दुखापत पहिल्या एक्स-रेत दर पाचांपैकी एका रुग्णात निसटते असं नेहमी सांगितलं जातं, कारण झोपवून फोटो काढला की हाडं आपापल्या जागी बसलेली दिसतात. पायावर भार देऊन उभं राहून काढलेल्या फोटोत त्यांच्यातली फट उघडी पडते.

इथेच ‘एक्स-रे क्लिअर आहे’ या वाक्याची मर्यादा कळते. पोलीस भरतीची तयारी करणारी मुलं भल्या पहाटे डांबरी रस्त्यावर पळतात. मैदानी परीक्षेत मुलांना 1600 मीटर आणि मुलींना 800 मीटर धावायचं असतं. जाहिरात निघाली की दोन महिन्यांत सगळी कसर भरून काढायची घाई. कुठे पडणं नाही, आदळणं नाही, तरी चवड्याच्या वरच्या बाजूला दुखू लागतं. आधी पळून झाल्यावर, मग पळताना, मग रात्री अंथरुणातही. एका बोटाने दाखवता येईल एवढ्याच जागी दुखतं, हे त्याचं लक्षण. प्रशियाच्या सैन्यातले डॉक्टर ब्राइटहाउप्ट यांनी 1855 साली लांब कूच करणाऱ्या शिपायांच्या सुजलेल्या पावलांचं वर्णन केलं होतं. ही सूज हाडातल्या चिरेमुळे येते हे 1897 मध्ये एक्स-रेने दाखवलं. गंमत अशी, की तोच एक्स-रे पहिले दोन-तीन आठवडे बहुधा कोराच येतो. हाड भरून यायला लागलं की मग खूण उमटते. तोवर संशय असेल तर एमआरआय, नाहीतर पळणं थांबवून पुन्हा फोटो.

आणि फोटोत रेघ दिसली तर? दवाखान्याबाहेर हमखास ऐकू येणारं वाक्य, ‘फ्रॅक्चर नाही, नुसता क्रॅक आहे.’ क्रॅक म्हणजे फ्रॅक्चरच. हाड जागचं हललेलं नाही, एवढाच त्याचा अर्थ, आणि निष्काळजीपणे वागलं तर ते हलतं. गंभीर काय आणि किरकोळ काय हे रेघेच्या जाडीवर ठरत नाही, जागेवर ठरतं. करंगळीच्या लांब हाडाच्या अगदी बुडाचा तुकडा निघाला, तर कडक तळाच्या बुटात काही आठवड्यांत तो बहुतेकदा जुळतो. तीच रेघ दीड-दोन सेंटिमीटर पुढे, जोन्स यांच्या जागी असेल, तर तिथे रक्तपुरवठा तुटपुंजा असल्याने हाड जुळायला वेळ लागतो, कधी स्क्रू घालावा लागतो. तंबाखू-सिगारेटने त्यात आणखी दिरंगाई होते.

शाळकरी मुलांच्या फोटोत करंगळीच्या लांब हाडाच्या बुडाशी रेघ दिसते आणि आईबाप घाबरतात. वाढत्या वयात तिथे हाडाचा वेगळा तुकडा असतो. त्याची रेघ हाडाच्या लांबीला समांतर जाते, मोडल्याची रेघ आडवी असते.

‘पायाच्या बोटाला काही करत नाहीत’ हे अर्धसत्य आहे. लहान बोट सरळ असेल तर शेजारच्या बोटाला चिकटपट्टीने बांधून ठेवतात, हे खरं. पण अंगठा चालताना बराच भार घेतो, त्याला हा न्याय नाही. नख उखडून खाली रक्त असेल तर ते उघडं फ्रॅक्चर असू शकतं, लहान मुलांत विशेषतः.

सगळ्यांत फसवा पाय मधुमेहींचा. भारतात 10 कोटींहून अधिक लोकांना मधुमेह आहे असा आयसीएमआरच्या 2023 मध्ये प्रसिद्ध झालेल्या पाहणीचा अंदाज आहे. बऱ्याच वर्षांच्या मधुमेहात पायाच्या नसा बधिर होतात. मग ‘दुखलं तर कळेलच की’ या वाक्यात काही राम उरत नाही. पाऊल लाल, सुजलेलं, दुसऱ्या पायापेक्षा गरम, पण दुखणं नावापुरतं किंवा अजिबात नाही. चप्पल बसेना एवढीच तक्रार. जखम नसताना अशा पायाला जंतुसंसर्ग समजून आठवडेच्या आठवडे गोळ्या दिल्या जातात आणि माणूस आतल्या आत चुरत चाललेल्या हाडांवर बाजारहाट करत राहतो. याला शार्को फूट म्हणतात. पाय काही मिनिटं उंच धरल्यावर लाली ओसरली तर संसर्गापेक्षा शार्कोचा संशय वाढतो. वेळीच प्लॅस्टर घालून भार काढला तर पावलाची ठेवण वाचते. उशीर झाला तर कमान खाली कोसळून तळवा होडीच्या बुडासारखा फुगतो, तिथे जखम होते, आणि मग बोलणं पाय वाचवण्यावर येतं.

हाडवैद्याचा विषय निघाला की वाद होतो. जोन्स ज्यांच्या हाताखाली शिकले ते ह्यू ओवेन थॉमस वेल्समधल्या पिढीजात हाडवैद्यांच्या घराण्यातले. मांडीचं हाड मोडल्यावर वापरतात तो थॉमस स्प्लिंट त्यांचाच. त्यांच्या हाडवैद्य वडिलांनी मात्र पाचही मुलांना डॉक्टर केलं. हातगुण असेलही, पण आत काय मोडलंय ते न बघता पाय ओढणं, चोळणं आणि बांबूच्या कामट्या आवळून बांधणं यातून रक्तपुरवठा तुटून बोटं काळी पडल्याची उदाहरणं वैद्यकीय नियतकालिकांत पुन्हा पुन्हा येतात. आंबेहळद-तुरटीच्या लेपाने हाड जुळत नाही. शिवाय वाळलेल्या लेपाखाली त्वचेचा रंग दिसत नाही, आणि तो दिसणं फार गरजेचं असतं.

दवाखान्यात पोचेपर्यंत करायचं ते थोडकंच. बूट, पैंजण आणि मुख्य म्हणजे जोडवी लगेच काढावीत. सूज चढली की ती रुततात आणि कापून काढावी लागतात. फडक्यात गुंडाळलेला बर्फ पंधरा-वीस मिनिटं ठेवावा. पहिले दोन-तीन दिवस शेक आणि मालिश नको. पाय उशीवर उंच ठेवावा. पाऊल वाकडं दिसत असेल, जखमेतून हाड डोकावत असेल, बोटं गार किंवा निळसर पडली असतील तर सकाळची वाट पाहू नये, आणि ऑपरेशन लागण्याची शक्यता असल्याने रुग्णाला चहा-पाणीही देऊ नये. प्लॅस्टर घातल्यावर दुखणं कमी व्हायला हवं. ते वाढत गेलं, बोटांना मुंग्या आल्या किंवा दुसऱ्याने बोटं ताणल्यावर जीव कासावीस झाला, तर त्याच रात्री परत जाऊन प्लॅस्टर सैल करून घ्यावं.