तरंगणे वेगळे, उभे राहणे वेगळे

लोखंडाचा खिळा पाण्यात बुडतो, मग लोखंडाचे जहाज का तरंगते? हा प्रश्न आपण सारेच वर्गात विचारतो. उत्तरही ठरलेले असते : जहाज आतून पोकळ असते, ते स्वतःच्या वजनाइतके पाणी बाजूला सारते, म्हणून तरंगते. आर्किमिडीजचे तत्त्व फळ्यावर लिहिले जाते आणि धडा संपतो.

पण होडीत चढताना नावाडी काय सांगतो? "उभे राहू नका, खाली बसा. सगळे एका बाजूला जाऊ नका." माणूस बसलेला असो की उभा, त्याचे वजन तेवढेच असते. होडी बाजूला सारते ते पाणीही तेवढेच. मग नावाडी का ओरडतो? फळ्यावरच्या नियमात याचे उत्तर मिळत नाही. जहाज तरंगेल का, हा एक प्रश्न. तरंगताना सरळ उभे राहील का, हा दुसरा. जहाजांच्या मोठ्या अपघातांकडे पाहिले, तर अनेकदा हा दुसरा प्रश्नच माणसांच्या जिवावर बेतलेला दिसतो. त्यातले काही अपघात आपण या लेखात पाहू.

तेराशे मीटरांचा प्रवास

१० ऑगस्ट १६२८. स्वीडनची राजधानी स्टॉकहोम. राजा दुसरा गुस्ताव्ह अडॉल्फ पोलंडशी लढत होता आणि त्याला जबरदस्त युद्धनौका हवी होती. 'वासा' नावाची ही नवी नौका त्या दिवशी पहिल्यांदा निघाली. तोफांचे दोन पूर्ण मजले, ६४ तोफा, पाण्यापासून उंच चढत गेलेला कोरीव कामाचा मागचा भाग. धक्क्यावर लोकांची गर्दी होती. सलामीसाठी तोफांच्या खिडक्या उघड्या ठेवल्या होत्या.

वारा बेताचाच होता. एक झुळूक आली, वासा कलली आणि सावरली. दुसऱ्या झुळकेला ती पुन्हा कलली आणि खालच्या मजल्याच्या उघड्या खिडक्यांतून पाणी आत शिरले. जेमतेम १३०० मीटर अंतर कापून वासा बंदरातच बुडाली. सुमारे ३० माणसे मेली. लढाई नाही, वादळ नाही, खडक नाही.

पुढे चौकशीत एक गोष्ट उघड झाली. जहाज निघण्याच्या काही दिवस आधी एक चाचणी घेतली होती. ३० माणसांना डेकवर या कडेपासून त्या कडेपर्यंत एकदम पळायला लावले. तीन फेऱ्यांतच जहाज इतके झुलू लागले, की हजर असलेल्या नौदलप्रमुखाने चाचणी थांबवली. येथे थोडे गणित करू. एका माणसाचे वजन ६५ किलो धरले, तर ३० माणसांचे वजन होते दोन टनांच्या आसपास. जहाज होते सुमारे १२०० टनांचे. दोन टनांच्या हालचालीने बाराशे टनांचे जहाज डगमगत असेल, तर ते समुद्रात नेण्याजोगे नव्हते. तरीही ते निघाले. राजाला जहाज लवकर हवे होते आणि राजा दूर रणांगणावर होता. चौकशीनंतर शिक्षा कोणालाच झाली नाही.

दोन बले, तीन बिंदू

पाण्यातल्या जहाजावर दोन मुख्य बले असतात. जहाजाचे वजन गुरुत्वमध्यातून खाली ओढते. पाण्याचे प्लावक बल वर ढकलते आणि ते जहाजाच्या बुडालेल्या भागाच्या मध्यातून जाते. या दुसऱ्या बिंदूला आपण प्लावनमध्य म्हणू. जहाज सरळ असते तेव्हा हे दोन्ही बिंदू एकाच उभ्या रेषेत असतात.

आता जहाज थोडे उजवीकडे कलले असे समजा. सामान घट्ट बांधलेले असेल, तर गुरुत्वमध्य जागचा हलत नाही. पण बुडालेल्या भागाचा आकार बदलतो. उजवी बाजू पाण्यात जास्त जाते, डावी बाहेर येते. म्हणून प्लावनमध्य उजवीकडे सरकतो. या नव्या जागेवरून उभी रेषा वर काढली, तर ती जहाजाच्या मधल्या रेषेला एका बिंदूत छेदते. हा तिसरा बिंदू म्हणजे मेटासेंटर.

गुरुत्वमध्य मेटासेंटरच्या खाली असेल, तर दोन्ही बले मिळून जहाजाला परत सरळ करतात. तो मेटासेंटरच्या वर गेला, की तीच दोन बले जहाजाला आणखी कलवतात. येथे विद्यार्थ्यांचा एक गैरसमज होण्याची शक्यता असते. गुरुत्वमध्य प्लावनमध्याच्या खालीच असायला हवा, असे त्यांना वाटते. तसे नाही. बहुतेक जहाजांत तो वरच असतो. महत्त्वाचे असते ते मेटासेंटरपासूनचे अंतर.

नावाड्याचे ओरडणे आता कळते. माणसे उभी राहिली, की वजन तेच राहते, पण गुरुत्वमध्य वर चढतो.

वासाचे नेमके हेच झाले होते. तोफांमुळे ती बुडाली असे सर्रास सांगितले जाते, पण सगळ्या तोफांचे वजन ७० टनांच्या आसपास होते. खरा दोष वरच्या मजल्यांच्या जाडजूड लाकडी बांधणीत होता. तळाशी सुमारे १२० टन दगड भरले होते. आणखी का भरले नाहीत? कारण दगड वाढवले, तर जहाज खोल बसणार आणि तोफांच्या खिडक्या पाण्याच्या आणखी जवळ येणार. बांधून झालेल्या जहाजात ही चूक सुधारण्याची वाटच उरली नव्हती.

करून पाहा

प्लॅस्टिकचा एक आयताकृती डबा पाण्याच्या टबात तरंगत ठेवा. तळाशी थोडी वाळू घाला, मधोमध एक लांब काडी उभी रोवा आणि तिच्यावर ओल्या मातीचा गोळा बसवा. गोळा आधी तळाशी ठेवून डब्याला बोटाने हलका धक्का द्या. मग गोळा थोडाथोडा वर सरकवत तसाच धक्का देत जा. डबा प्रत्येक वेळी अधिक सावकाश झुलेल आणि एका उंचीनंतर उलटेल. उलटण्याआधी झुलणे मंदावते, हे मुलांच्या नजरेस जरूर आणून द्या. सावकाश झुलणारे जहाज प्रवाशांना सुखाचे वाटते, पण जाणत्या खलाशाला त्याची काळजी वाटते.

न बुडालेले जहाज

आता साडेतीन शतके पुढे येऊ. ६ मार्च १९८७ च्या संध्याकाळी 'हेरल्ड ऑफ फ्री एंटरप्राइज' ही मोटारी आणि प्रवासी नेणारी फेरीबोट बेल्जियमच्या झीब्रुगा बंदरातून इंग्लंडमधील डोव्हरकडे निघाली. मोटारी चढवण्यासाठी उघडलेले पुढचे दरवाजे बंद करायचे राहून गेले होते. वेग वाढला तशी नाळेपुढची लाट उंचावली आणि पाणी मोटारींच्या डेकवर घुसले. दीड मिनिटाच्या आसपास बोट आडवी झाली. बंदराजवळच्या उथळ वाळूवर ती अर्धी पाण्याबाहेर पडून राहिली. १९३ माणसे दगावली. तिच्या सांगाड्याला साधे भोकही पडलेले नव्हते. ती पूर्ण बुडालीही नाही, ती उलटली.

इतक्या मोठ्या बोटीला थोडे पाणी एवढे कसे भोवले? याचा अनुभव घरीही घेता येतो. तांब्यात पाणी घेऊन आपण सहज चालतो. तेवढेच पाणी परातीत घेऊन चालून पाहा. परात जराशी कलली, की सगळे पाणी त्या बाजूला धावते आणि परात आणखी कलते. मोटारींचा डेक म्हणजे जहाजाच्या रुंदीएवढी परातच. मोटारी ये-जा करू शकाव्यात म्हणून त्यात आडोसा नसतो.

हे मोकळे पाणी जहाजाचा तोल जितका घटवते, ते पाण्याच्या पृष्ठभागाच्या रुंदीच्या घनावर अवलंबून असते. मधोमध एक उभी भिंत लांबीच्या दिशेने घातली, तर प्रत्येक भागाची रुंदी निम्मी होते. निम्म्याचा घन एक अष्टमांश. दोन भागांचे मिळून एक चतुर्थांश. म्हणजे एका भिंतीने धोका चौपट कमी होतो. तीन सारखे भाग केले, तर तो किती उरेल? हे गणित वरच्या वर्गांना जरूर घालावे. (उत्तर : एक नवमांश.) मघाच्या डब्यातील वाळू काढून बोटभर पाणी घाला. मग लांबीच्या दिशेने पुठ्ठ्याची मेण लावलेली पट्टी चिकणमातीने घट्ट बसवा. फरक बोटाला जाणवेल.

येथेही सूचना आधी मिळालेली होती. दरवाजे बंद झाले की नाही हे कप्तानाला चालक-कक्षातून दिसत नसे. तेथे इशारा देणारे दिवे बसवावेत, अशी मागणी कंपनीच्या कप्तानांनी अपघाताआधीच केली होती. ती मानली गेली नाही. अपघातानंतर मात्र असे दिवे आंतरराष्ट्रीय नियमांनी सक्तीचे झाले.

पाणी आत घेऊन वाचवलेले जहाज

युद्धातही हाच प्रश्न येतो. ७ डिसेंबर १९४१ रोजी जपानी विमानांनी पर्ल हार्बरवर हल्ला केला. 'ओक्लाहोमा' आणि 'वेस्ट व्हर्जिनिया' या अमेरिकी युद्धनौका तेथे नांगरलेल्या होत्या. दोघींच्याही डाव्या कुशीत अनेक पाणतीर घुसले. एका बाजूने पाणी भरून ओक्लाहोमा पंधरा मिनिटांच्या आत उलटी झाली. तिच्यावरील ४२९ जण मेले. कित्येक जण उलट्या जहाजाच्या पोटात अडकले.

वेस्ट व्हर्जिनियाही कलू लागली होती. पण तिच्या खलाशांनी उजव्या बाजूच्या कप्प्यांत मुद्दाम पाणी सोडले. जहाज बुडत असताना आणखी पाणी आत घेणे वेडेपणाचे वाटेल. पण तोल सावरला आणि ती सरळ उभीच उथळ तळाशी टेकली. तिच्यावरही शंभराहून अधिक माणसे मेली, तरी बहुसंख्य वाचली. १९४२ मध्ये ती वर काढली गेली आणि १९४४ मध्ये पुन्हा युद्धात उतरली. दोघीही बुडाल्याच होत्या. पण एक उलटली आणि एक उभी राहिली, त्यामुळे एवढा फरक पडला.

रामदास

आपल्या किनाऱ्याला हे दुःख परके नाही. १७ जुलै १९४७ रोजी, स्वातंत्र्याला महिनाही उरला नसताना, 'रामदास' ही प्रवासी बोट मुंबईहून रेवसकडे निघाली. ऐन पावसाळा होता, अमावास्येची भरती होती आणि बोट गावी निघालेल्या माणसांनी भरलेली होती. मुंबईपासून फार दूर न जाताच ती उलटली. सहाशेहून अधिक लोकांना जलसमाधी मिळाली. मोठ्या लाटेने बोट कलली आणि घाबरलेले प्रवासी एका बाजूला धावले, असे त्या अपघाताच्या हकिगतींत सांगितले जाते. वासाच्या डेकवर धावलेल्या ३० माणसांचे वजन दोन टन होते. शेकडो माणसे धावली, तर ते किती टन होईल, याचा हिशेब आपणच करावा. त्या माणसांना दोष देता येत नाही. पाणी अंगावर आले, की माणूस पळणारच. म्हणून किती माणसे घ्यायची, कोठे बसवायची आणि कोणत्या हवेत बोट सोडायची, हे धक्क्यावरच ठरायला हवे.

धड्याचा दुसरा भाग

वासाच्या काळी मेटासेंटर कोणालाच माहीत नव्हता. फ्रेंच शास्त्रज्ञ प्येर बूगेर याने १७४६ मध्ये तो मांडला. वासा ३३३ वर्षांनी, २४ एप्रिल १९६१ रोजी वर काढली गेली. बाल्टिक समुद्राचे पाणी कमी खारट असल्याने लाकूड पोखरणारा जहाजकिडा तेथे जगत नाही, म्हणून ती जवळजवळ अखंड मिळाली. आज ती स्टॉकहोमच्या संग्रहालयात उभी आहे. पण सूत्र नसतानाही ती ३० माणसांची चाचणी खरे तेच सांगत होती. ज्ञान अपुरे होते हे खरे. त्याहून खरे हे, की जे कळले ते ऐकले गेले नाही.

आर्किमिडीजने तरंगत्या वस्तूंवर दोन भागांत ग्रंथ लिहिला. पहिल्या भागातले तत्त्व आपल्या पाठ्यपुस्तकांत आले. दुसऱ्या भागात त्याने तरंगणारी वस्तू कलल्यावर पुन्हा सरळ केव्हा होते, याचाच विचार केला आहे. तो भाग शाळेत आला नाही. आम्हांला वाटते, खिळा आणि जहाज यांचा प्रश्न विचारून झाला, की लगेच नावाड्याचा प्रश्नही विचारावा. त्यासाठी एक डबा, एक काडी आणि मातीचा गोळा पुरेसा आहे. उद्या यांतलाच एखादा विद्यार्थी गच्च भरलेल्या होडीपाशी उभा असेल. त्या वेळी "ही तरंगते आहे ना?" एवढ्यावर न थांबता "ही कलली, तर सावरेल का?" असा प्रश्न त्याच्या मनात यायला हवा.