शिंदळ माकुडी : कऱ्हेच्या उशाची शेजारीण

बारामती-इंदापूरच्या कुणालाही विचारा, 'तुमच्याकडे काय उगवतं?' उत्तर ठरलेलं, ऊस! फार तर द्राक्षं, डाळिंब. पण कालव्याचं पाणी जिथं पोचत नाही, त्या कोरड्या माळावर आपल्याला माकडशिंग माहीत असते. पानं जवळजवळ नाहीतच, नुसत्या हिरव्या, मांसल कांड्या. या माकडशिंगेची एक नातेवाईक आहे, जी महाराष्ट्राबाहेर जगात कुठंही आपणहून उगवत नाही. तिचं नाव शिंदळ माकुडी. शास्त्रीय नाव फ्रेरिया इंडिका.

मित्रांनो, ती राहते कुठं? जुन्नरचा शिवनेरी, पुरंदरशेजारचा वज्रगड, महाबळेश्वरचा परिसर, अहिल्यानगर जिल्ह्यातला रंधा धबधबा अशा मोजक्या ठिकाणच्या कड्यांवर. यातला वज्रगड तर आपल्या घरचाच म्हणायचा. पुरंदरच्या डोंगरांतून निघालेली कऱ्हाच सासवड, मोरगाव करत बारामतीत येते, पुढे नीरेला मिळते आणि ते पाणी इंदापूरच्या नरसिंहपूरला भीमेत जातं. म्हणजे आपल्या नदीच्या उशाशीच हे झुडूप बसलंय, आणि आपल्याला पत्ता नाही!

डाल्झेल या वनस्पतीशास्त्रज्ञाने १८६० च्या दशकात तिची नोंद केली आणि तेव्हाचे मुंबईचे गव्हर्नर बार्टल फ्रेअर यांचं नाव तिला दिलं. पुढे अभ्यासकांनी तिला बूसेरोसिया या वंशात हलवलं, पण जुनं नावही अजून चालतं. आययूसीएन या संस्थेने एकेकाळी जगातल्या सर्वांत धोक्यातल्या बारा वनस्पतींत हिला बसवलं होतं.

दोन इंजिनांची गाडी

आता आपल्या कामाची गोष्ट. तिच्या गोत्रातल्या बहुतेकांनी पानं सोडूनच दिली, हिने ठेवली, पण फक्त पावसाळ्यापुरती. १९७७ मध्ये लांगे आणि झुबर या जर्मन संशोधकांनी दाखवलं, की हिची पानं आणि खोड दोन वेगळ्या पद्धतींनी काम करतात. पानं दिवसा छिद्रं उघडून कार्बन डायऑक्साइड घेतात. वेग चांगला, पण पाणी खूप उडतं. खोड मात्र रात्रीच्या गारव्यात वायू घेऊन आम्लाच्या रूपात साठवतं आणि दिवसा छिद्रं बंद करून तो वापरतं. वेग कमी, पण पाण्याची बचत. पाऊस संपला की पानं गळतात आणि झाड खोडावर दिवस काढतं. पाणी असताना एक इंजिन, नसताना दुसरं! आपण ज्याला हायब्रिड म्हणतो, ते हिने कड्यावर केव्हाच बसवलंय.

मग अडचण कुठं?

अडचण पुढची पिढी तयार होण्यात आहे. पावसाळ्यात लालसर तपकिरी, पिवळे ठिपके असलेली चांदणीसारखी फुलं येतात. त्यांचे परागकण सुटे नसतात, ते छोट्या पिशव्यांत भरलेले असतात. माशीच्या अंगाला ती पिशवी चिमट्यासारखी अडकली पाहिजे आणि दुसऱ्या फुलातल्या नेमक्या खाचेत बसली पाहिजे. फळ धरलंच, तर केसाळ बिया वाऱ्यावर उडतात आणि कड्यातली योग्य भेग सापडली तरच रुजतात. वरून वणवे, शेळ्यांची चराई, डोंगरावरची खोदकामं आणि हौशी लोकांची उपटाउपटी.

गंमत म्हणजे कांडी लावली तर ती कुंडीत सहज जगते. परदेशातल्या हौशी लोकांकडेही ती आहे. मग वाचली की! असं वाटेल. पण कांडीपासून वाढलेली सगळी झाडं म्हणजे एकाच ड्रॉइंगच्या झेरॉक्स. एका रोगाने एक गेलं, की बाकीचीही त्याच वाटेने जाऊ शकतात. कड्यावरच्या वेगवेगळ्या झाडांत जे वेगळेपण आहे, ते कुंडीत मावत नाही.

म्हणून ट्रेकला गेलात आणि कड्यावर ती चांदणी दिसली, तर फोटो काढा, कांडी तोडू नका. फोटो टाकताना नेमकी जागा सांगू नका. गडावर शेकोटी तर नकोच. आणि गावाकडच्या माळाला 'पडीक' म्हणण्याआधी एकदा खाली वाकून बघा. माकडशिंग आज सगळीकडे आहे म्हणून ती कायम राहीलच, असं कुणी लिहून दिलेलं नाही.