पडद्यामागचा प्रकाश

चित्रपट पाहून बाहेर पडल्यावर आपण नायक-नायिकेविषयी बोलतो, गाण्यांविषयी बोलतो. परंतु ज्याच्या डोळ्यांनी आपण तो चित्रपट पाहिला, त्या छायालेखकाचे नाव सहसा लक्षात राहत नाही. जोसेफ विर्शिंग हे असेच एक नाव आहे.

विर्शिंग यांचा जन्म १९०३ साली जर्मनीतील म्युनिक शहरात झाला. गौतम बुद्धांच्या जीवनावरील 'प्रेम संन्यास' या मूकपटाच्या चित्रीकरणासाठी ते १९२५ मध्ये प्रथम भारतात आले. पुढे १९३४ साली हिमांशू राय आणि देविका राणी यांनी मालाड येथे 'बॉम्बे टॉकीज' ही संस्था स्थापन केली, तेव्हा दिग्दर्शक फ्रान्झ ओस्टेन यांच्याप्रमाणे विर्शिंग यांनाही पाचारण करण्यात आले. भिलाईचा पोलाद कारखाना सोव्हिएत तंत्रज्ञांच्या साहाय्याने उभा राहिला, हे रुआबांध्याच्या परिसरातील वाचकांना ठाऊकच आहे. मालाडच्या त्या चित्रपटनिर्मितीतही असेच घडले. परदेशी तंत्रज्ञांच्या हाताखाली भारतीय सहायक काम शिकले.

विर्शिंग यांच्या छायालेखनाचे वैशिष्ट्य कोणते? त्या काळी चित्रपट कृष्णधवल असत. रंगांचा आधार नसल्यामुळे केवळ उजेड आणि अंधार यांतूनच खोली, वेळ आणि मनःस्थिती दाखवावी लागे. दृश्य सर्वत्र सारखे उजळले, तर ते सपाट दिसते. एका बाजूने प्रकाश टाकून दुसरी बाजू सावलीत ठेवली, की चेहऱ्याला उठाव येतो. १९३६ च्या 'अछूत कन्या'मध्ये त्यांनी देविका राणी आणि अशोककुमार यांचे चेहरे टिपले. जातिभेदामुळे अशक्य ठरलेल्या प्रेमाची ती कथा होती. १९४९ च्या 'महल'मध्ये तर अंधार हाच जणू एक पात्र झाला. ओसाड वाडा, झोपाळ्यावरची मधुबाला आणि दाटलेल्या सावल्या यांमुळे प्रेक्षकाला भय आणि ओढ एकाच वेळी जाणवते.

या दोन चित्रपटांच्या दरम्यान त्यांच्या आयुष्यात मोठा खंड पडला. १९३९ मध्ये दुसरे महायुद्ध सुरू झाले. ब्रिटिश सरकारच्या दृष्टीने जर्मन नागरिक शत्रुपक्षाचे ठरले आणि विर्शिंग यांना स्थानबद्ध करण्यात आले. ऐन उमेदीची वर्षे कॅमेऱ्यावाचून गेली. तरीही युद्धानंतर ते भारतातच राहिले.

'पाकीज़ा' हा रंगीत चित्रपट त्यांच्या अखेरच्या कामांपैकी एक. तो पूर्ण होण्यापूर्वीच १९६७ मध्ये त्यांचे निधन झाले. उरलेले चित्रीकरण इतरांनी केले आणि १९७२ साली चित्रपट प्रदर्शित झाला. पडद्यावर झळकलेला आपला प्रकाश त्यांना पाहता आला नाही.

पुढच्या वेळी एखादा जुना चित्रपट पाहाल, तेव्हा प्रकाश कोठून येतो आणि सावली कोठे पडते, याकडे लक्ष द्या. श्रेयनामावलीतील छायालेखकाचे नावही आवर्जून वाचा.