पोलादाचा एक दर आणि माकुलाचे नाना भाव
ताटातील अर्थकारण : लेखांक नववा

गत लेखांकी आपण शिवनाथेच्या आणि गावतळ्यांच्या गोड्या मासळीचा, म्हणजे रोहू-कटल्याच्या आमदनीचा, परामर्श घेतला. या आठवड्यात खाऱ्या पाण्यातील कवचधारी जीवांकडे आणि व्यापाराच्या सोयीसाठी त्यांच्याच पंगतीला बसविल्या जाणाऱ्या माकुलाकडे, म्हणजे स्क्विडकडे, वळावयाचे आहे. समुद्रापासून इतक्या दूर राहणाऱ्या भिलाईकरांना या विषयाचे काय प्रयोजन, अशी शंका कोणी घेईल; परंतु भाव कसा बनतो हे बंदरावर उभे राहून जितके दिसते, त्याहून अधिक स्पष्ट ते बंदरापासून अकराशे किलोमीटरांवर दिसते, असे आमचे मत आहे.

ज्या कारखान्यासाठी २ फेब्रुवारी १९५५ रोजी सोव्हिएत संघाशी करार झाला आणि ज्याच्या पहिल्या झोतभट्टीचे उद्घाटन ४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती राजेंद्रप्रसाद यांच्या हस्ते झाले, त्या भिलाईच्या कारखान्याचे पोलाद सरकारच्या भाडे-समीकरण धोरणामुळे कित्येक वर्षे देशातील दूरच्या रेल्वेस्थानकावरही जवळच्याच दराने मिळत असे. १९९०च्या दशकाच्या आरंभी ते धोरण मोडीत निघाले. मुंबईच्या गिऱ्हाइकाला भिलाईच्या पोलादासाठी अंतराचा भुर्दंड पडू नये म्हणून ज्या राज्ययंत्रणेने एवढा खटाटोप केला, तिने त्याच मुंबईच्या ससून गोदीतून भिलाईला येणाऱ्या माकुलासाठी मात्र असे कोणतेही फर्मान कधी काढले नाही. ते यायचे ते बर्फाचे, हमालीचे, भाड्याचे आणि नासाडीचे पैसे अंगावर चढवूनच.

मग या जिनसांचा राष्ट्रीय भाव म्हणून काही असतो काय? हैदराबाद येथे २००६ साली स्थापन झालेले राष्ट्रीय मत्स्यविकास मंडळ देशातील निरनिराळ्या बाजारांचे भाव गोळा करते आणि तो उपक्रम स्तुत्यच आहे. तथापि त्या निरखांकडे बारकाईने पाहणाऱ्याच्या ध्यानात येईल की, जी वस्तू गोठविता येते, प्रतवारी करून पेटीत भरता येते आणि महिनोन्‌महिने शीतगृहात थोपवून धरता येते, तिलाच खऱ्या अर्थाने देशभर एक भाव संभवतो. बाकीच्यांचा भाव काठावरच जन्मतो आणि काठावरच मरतो.

कोळंबी ही पहिल्या वर्गातील अग्रणी. २००९ साली आपल्या देशात वेनामी जातीच्या कोळंबीच्या संवर्धनाला अनुज्ञा मिळाली आणि आंध्र प्रदेशातील तळ्यांनी पाहता पाहता तिचा व्यापार आपल्याकडे ओढून घेतला. २०२३-२४ या वर्षी भारतातून १७ लाख ८१ हजार टनांहून अधिक सागरी माल परदेशी गेला, त्याचे मूल्य ६० हजार ५०० कोटी रुपयांच्या वर होते, आणि डॉलरच्या हिशेबाने त्यातील सुमारे दोन तृतीयांश वाटा एकट्या गोठविलेल्या कोळंबीचा होता. अमेरिका हे तिचे सर्वांत मोठे गिऱ्हाईक. म्हणूनच ऑगस्ट २०२५ मध्ये त्या देशाने भारतीय मालावरील आयातशुल्क ५० टक्क्यांवर नेले, तेव्हा आंध्रातील तळ्याच्या बांधावर उभ्या असलेल्या शेतकऱ्याच्या पोटात गोळा आला. या व्यापाराची भाषा ‘काउंट’ची : एका किलोत तीस नग बसले तर तीसचा माल, शंभर बसले तर शंभरचा, जितकी संख्या लहान तितकी कोळंबी मोठी आणि दरही चढा. आपल्याकडील विक्रेता ‘मोठी’ आणि ‘बारकी’ या दोन शब्दांत जो व्यवहार आटोपतो, त्याच्या पाठीमागे अशी सूक्ष्म प्रतवारी उभी असते, आणि नग मोजण्याचा संकोच न करणारे गिऱ्हाईक सहसा फसत नाही.

दुसरा प्रश्न उताऱ्याचा. समजा, डोक्यासकट कोळंबी ४०० रुपये किलो आहे. डोके आणि साल गेल्यावर हाती निम्म्याच्या आसपास माल उरतो, म्हणजे खाण्याजोग्या किलोचा खरा भाव ८०० रुपये झाला, आणि शेजारी सोललेली कोळंबी ७५० रुपयांना मिळत असेल तर महाग दिसणारी तीच वस्तुतः स्वस्त ठरली. माकूल साफ केल्यावर दोन तृतीयांशाच्या आसपास उरते. खेकड्याच्या पदरात मात्र वजनाच्या चतुर्थांश ते तृतीयांश एवढेच मांस असते, आणि नुकती कात टाकलेली पोकळ चिंबोरी गळ्यात पडली तर तेवढेही नाही.

माकुलाची गोष्ट मुळातच निराळी आहे, कारण ते कोणी तळ्यात वाढवीत नाही. ते समुद्रातूनच यावे लागते. आपल्या किनाऱ्यावरच्या नळ माकुलाचे आयुष्य जेमतेम वर्षाचे असल्याने एका हंगामाची भरती पुढच्या हंगामाची हमी देत नाही. त्यातच ते दिव्याकडे झेपावते, या त्याच्या स्वभावाचा फायदा घेऊन प्रखर एलईडी दिवे लावून होणारी मासेमारी इतकी बोकाळली की २०१७ साली केंद्र सरकारला तिच्यावर बंदी घालावी लागली. बंदीची अंमलबजावणी किती काटेकोर होते, याविषयी कोकणातील पारंपरिक मच्छीमारांना विचारावे, उत्तर सौम्य शब्दांत मिळणार नाही. उत्तम प्रतीचे माकूल स्पेन आणि इटलीकडे रवाना होते. त्याचे भाईबंद असलेल्या, पाठीत पांढरे कवच बाळगणाऱ्या दुसऱ्या जातीलाही तिकडे मागणी आहे. ते कवच म्हणजेच आपल्या वैद्यांचे समुद्रफेन, जे या मुलखात मांसाच्या कितीतरी आधी पोहोचले असले पाहिजे.

आता पंचांग पाहू. पूर्व किनाऱ्यावर १५ एप्रिल ते १४ जून आणि पश्चिम किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै, असे प्रत्येकी ६१ दिवस यांत्रिक नौकांना मासेमारी वर्ज्य असते. भिलाईला एक वाट मुंबईहून नागपूरमार्गे येते आणि दुसरी, तिच्या निम्म्या लांबीची, विशाखापट्टणमहून. त्यामुळे एक दार बंद झाले तरी दुसरे उघडे राहते. १ ते १४ जून हे दोन आठवडे तेवढे असे की दोन्ही किनारे एकदम मिटलेले असतात, आणि त्या पंधरवड्यात येथे ‘ताजे’ म्हणून विकले जाणारे माकूल बहुतांशी शीतगृहाचाच प्रसाद समजावे. ताज्याचा रंग पांढुरका, अर्धपारदर्शक आणि वर तपकिरी-जांभळ्या ठिपक्यांचा. सर्वांगावर गुलाबी छटा पसरली की भाव न विचारता पुढे जावे. तळ्यातील कोळंबीला या बंदीची झळ नाही.

तिसऱ्या, कालवे आणि खुबे यांच्यापुढे मात्र सारे निरख थिटे पडतात. कोकणच्या खाड्यांत ओहोटीच्या वेळी गुडघाभर चिखलात उतरून बायका त्या वेचतात आणि बाजारात वजनावर नव्हे, वाट्यावर विकतात. वाट्यात किती, हे गिऱ्हाइकाच्या तोंडाकडे आणि उन्हाच्या चढाकडे पाहून ठरते. केरळातील अष्टमुडी सरोवराच्या तिसऱ्यांना २०१४ साली शाश्वत मासेमारीचे आंतरराष्ट्रीय प्रमाणपत्र मिळाले, देशात तसा मान मिळविणारा तो पहिलाच व्यवसाय. तरीही जिवंत शिंपला अकराशे किलोमीटर नेणे परवडत नाही, हा निसर्गाचा कायदा त्या प्रमाणपत्राने बदललेला नाही. जिवंत चिंबोरीचेही तेच : ती परदेशात विमानाने जाते, कारण तेथे विमानभाडे निघते, पण रेल्वेच्या टोपलीत मेली की तिची किंमत शून्य. त्यांच्या अभावी छत्तीसगढची घोंघी, म्हणजे गोड्या पाण्यातील गोगलगाय, आहेच, आणि ज्याने ती चाखली नाही त्याने तिला कमी लेखू नये.

भिलाईच्या वाचकाच्या वाट्याला तेव्हा मुख्यतः गोठविलेली पाकिटेच येतात, आणि त्यांवर बर्फाचा एक पातळ लेप असतो, जो मालाचे रक्षण करतो खरा, पण वजनही वाढवितो. किलोच्या पाकिटात २० टक्के लेप असेल तर माल ८०० ग्रॅमच. ४०० रुपयांचे ते पाकीट वास्तविक ५०० रुपये किलोने पडले. पाकिटावर निव्वळ वजन लेपाविना छापलेले आहे काय, एवढे पाहून मगच पैसे मोजावेत. सुकविलेले सोडे आणि जवळा यांना बर्फही लागत नाही नि बंदीही अडवीत नाही. त्यांचा हिशेब पुढील लेखांकी.