गाणगापुरात एक, मंगळुरात तीन

गाणगापूरच्या मठात निर्गुण पादुकांचं दर्शन लहानशा झरोक्यातून घ्यावं लागतं. ब्रह्मा, विष्णू, महेश तिथे वेगळे नाहीत. तिघे मिळून एक दत्त. बिदर-कलबुर्गीकडच्या मराठी माणसाला हे कुणी शिकवावं लागत नाही. शिवाय त्याला कन्नड कळतं, म्हणून ‘गरुड गमन वृषभ वाहन’ हा २०२१चा सिनेमा बघताना त्याची गंमत दुप्पट होते. कारण दिग्दर्शक राज बी. शेट्टींनी त्या तिघांना पुन्हा सुटं केलं आणि मंगळूरच्या मंगळादेवी भागात, थेट गुंडगिरीत आणून सोडलं!

गरुडवाला तो हरी. ऋषभ शेट्टींनी रंगवलेला हा हरी हिशेबी, पैसा आणि माणसं राखणारा. लक्ष्मीचा नवराच तो. वृषभवाला शिव खुद्द दिग्दर्शकानं केलाय. त्याला पैशाचं सोयरसुतक नाही. गल्लीतल्या पोरांत क्रिकेट खेळेल, आणि डोकं फिरलं तर समोरचा उरत नाही. भालकी तालुक्यातल्या मैलारला भंडारा उधळणाऱ्यांना यात काही विचित्र वाटायचं नाही. भक्तांचा लाडका खंडोबा मणी-मल्लांसाठी मार्तंड भैरवच होता.

खून पाडून शिव नाचतो, तो प्रसंग अफाट आहे. नवरात्रात मंगळूरच्या आसपासच्या तुळुनाडूत वाघाची सोंगं घेऊन नाचतात, त्याला पिली वेष म्हणतात. शिवाची पावलं त्याच नाचाची, पण मागे ऐकू येतं मादेवाचं, म्हणजे महादेवाचं लोकगीत. बघता बघता सणातला नाच तांडव होतो. व्याघ्रांबर नेसणारा देव इथे स्वतःच वाघ!

मला मात्र खरी करामत वाटते ती ब्रह्मय्याची. गोपालकृष्ण देशपांडेंनी केलेला हा फौजदार वरच्यांच्या दबावानं पिचलेला, मनातून टरकलेला. तरी दोघांच्या कपाळी काय लिहायचं ते तोच ठरवतो. पुराणात मोठं कोण यावरून ब्रह्मा आणि विष्णू भांडतात. शिव अग्निस्तंभ होऊन मध्ये उभा राहतो. ब्रह्मा केवड्याला खोटी साक्ष द्यायला लावतो आणि भैरव त्याचं पाचवं शिर उडवतो. सिनेमानं सगळं उलटं फिरवलंय. इथे फूट पडते ती हरी आणि शिवात, आणि पाडतो ब्रह्मा. त्या पाचव्या डोक्याचा हिशेब त्यानं बहुधा कधी मिटवलाच नसावा.