गावापर्यंत रस्ता, रस्त्यावर वाहन : प्रधानमंत्री ग्राम सडक योजना समजून घेऊया

गावात शाळा चौथीपर्यंत आहे, दवाखाना आठ किलोमीटरवर आहे, बाजार तालुक्याला भरतो. अशा गावातील माणसाला शिक्षण, उपचार आणि रोजगार मिळणार की नाही, हे बऱ्याच वेळा एका साध्या गोष्टीवर ठरते : पावसाळ्यात गावाबाहेर पडता येते का? ओढ्याला पाणी आले की दूध डेअरीत पोहोचत नाही, शिक्षक येऊ शकत नाहीत आणि गरोदर महिलेला झोळीत घालून न्यावे लागते.

ही अडचण दूर करण्यासाठी केंद्र सरकारने २५ डिसेंबर २००० रोजी प्रधानमंत्री ग्राम सडक योजना सुरू केली. योजनेतून देशभरात आतापर्यंत सात लाख किलोमीटरपेक्षा जास्त ग्रामीण रस्ते झाले आहेत. आपली वस्ती या योजनेत बसते का, रस्ता कसा मंजूर होतो आणि रस्ता झाल्यावर त्याचा पूर्ण उपयोग होण्यासाठी आणखी काय लागते, याची माहिती या लेखात दिली आहे.

योजनेतील दोन महत्त्वाच्या संज्ञा

*वस्ती :* या योजनेत रस्ता महसुली गावाला नव्हे, तर वस्तीला दिला जातो. वाडी, पाडा, तांडा, टोला, ढाणी या सर्वांचा वस्ती म्हणून स्वतंत्र विचार होतो. त्यामुळे मूळ गावाला रस्ता असला तरी दूरची वाडी पात्र ठरू शकते.

*बारमाही रस्ता :* वर्षातील सर्व ऋतूंत वापरता येईल असा रस्ता. पाण्याचा निचरा नीट व्हावा म्हणून त्यावर आवश्यक तेथे मोऱ्या, फरशी पूल किंवा छोटे पूल बांधलेले असतात. केवळ डांबर टाकले म्हणजे रस्ता बारमाही होत नाही. मोरी नसलेला डांबरी रस्ता पहिल्याच मोठ्या पावसात तुटू शकतो.

योजनेचे टप्पे

- पहिला टप्पा (२०००) : रस्ता नसलेल्या पात्र वस्त्या जोडणे.
- दुसरा टप्पा (२०१३) : आधीच्या ५०,००० किलोमीटर ग्रामीण रस्त्यांचा दर्जा वाढवणे.
- नक्षलप्रभावित क्षेत्रांसाठी स्वतंत्र रस्ते प्रकल्प (२०१६).
- तिसरा टप्पा (२०१९) : वस्त्यांना ग्रामीण कृषी बाजार, उच्च माध्यमिक शाळा आणि रुग्णालयांशी जोडणारे १,२५,००० किलोमीटरचे रस्ते मजबूत करणे.
- चौथा टप्पा (२०२४) : अद्याप न जोडलेल्या २५,००० वस्त्यांसाठी ६२,५०० किलोमीटर रस्ते. कालावधी २०२४-२५ ते २०२८-२९. एकूण खर्च ७०,१२५ कोटी रुपये. यात केंद्राचा वाटा ४९,०८७.५० कोटी आणि राज्यांचा वाटा २१,०३७.५० कोटी रुपये आहे.

चौथ्या टप्प्यासाठी पात्रता

वस्तीची लोकसंख्या २०११ च्या जनगणनेनुसार धरली जाते.

- सपाट भागात : ५०० किंवा अधिक.
- ईशान्येकडील व डोंगरी राज्ये आणि केंद्रशासित प्रदेश, पाचव्या अनुसूचीतील आदिवासी क्षेत्रे, आकांक्षित जिल्हे व तालुके, वाळवंटी क्षेत्रे : २५० किंवा अधिक.
- नक्षलप्रभावित जिल्ह्यांत : १०० किंवा अधिक.

येथे एक बाब लक्षात ठेवावी. सह्याद्रीतील एखादी वाडी केवळ डोंगरात आहे म्हणून २५० च्या निकषात बसत नाही. ती पाचव्या अनुसूचीतील क्षेत्रात किंवा आकांक्षित जिल्ह्यात वा तालुक्यात आहे का, हे पाहावे लागते.

विशेष असुरक्षित आदिवासी समूहांसाठी पीएम-जनमन हे वेगळे अभियान १५ नोव्हेंबर २०२३ रोजी सुरू झाले. त्यात १०० किंवा अधिक लोकसंख्येच्या वस्त्यांसाठी ८,००० किलोमीटर रस्त्यांचे उद्दिष्ट ठेवण्यात आले. महाराष्ट्रातील कातकरी, कोलाम आणि माडिया गोंड हे समूह या अभियानात येतात.

रस्ता कसा ठरतो? जमिनीचे काय?

रस्त्याचा सविस्तर प्रकल्प अहवाल तयार करण्याआधी अभियंत्याने नियोजित मार्गावरून पायी फिरून पाहणी करणे अपेक्षित आहे. या फेरीत सरपंच, तलाठी किंवा पटवारी आणि गावकरी असतात. मार्ग वनजमिनीतून जात असेल तर वनविभागाचा प्रतिनिधीही असतो. कोणाच्या शेताचा किती भाग जाईल, पाणी कुठे तुंबते, मोरी कुठे हवी, वळण कुठे धोक्याचे आहे, हे सांगण्याची खरी वेळ हीच असते. काम सुरू झाल्यावर मार्ग बदलणे कठीण जाते.

जमिनीची किंमत योजनेच्या निधीतून दिली जात नाही. जमीन उपलब्ध करून देण्याची जबाबदारी राज्याची असते. अनेक रस्ते जमिनीच्या वादामुळेच रखडतात. म्हणून ज्यांची जमीन जाणार आहे, त्यांच्याशी आधी बोलणे आणि ठरलेली बाब लेखी नोंदवून घेणे सर्वांच्या हिताचे ठरते. ज्या शेतकऱ्याकडे अर्धा एकरच जमीन आहे, त्याच्यासाठी दोन गुंठेही मोठी गोष्ट आहे. मार्ग थोडा सरकवून त्याचे नुकसान टाळता येत असेल, तर ती सूचना फेरीतच मांडावी.

रस्त्यामुळे नेमके काय बदलते?

रस्ता आला की गावाचा विकास आपोआप होतो, असा समज आहे. अभ्यासातून दिसणारे चित्र अधिक बारकाईने समजून घेण्यासारखे आहे.

अर्थशास्त्रज्ञ सॅम आशर आणि पॉल नोवोसाद यांनी या योजनेतील रस्त्यांचा अभ्यास केला. तो २०२० मध्ये प्रसिद्ध झाला. रस्त्याचा मुख्य परिणाम म्हणजे लोक शेतीबाहेरच्या कामाकडे वळले, असे त्यात आढळले. मात्र शेतीचे उत्पन्न, घरातील मालमत्ता किंवा गावातील उद्योग यांत मोठा फरक दिसला नाही. म्हणजेच रस्त्याने बाहेरच्या कामापर्यंत जाण्याची वाट दिली. गावातच काम निर्माण होण्यासाठी रस्त्याखेरीज इतर गोष्टी लागतात.

शिक्षणाबाबत दोन वेगळे निष्कर्ष आहेत. रस्ता झालेल्या गावांत मुले अधिक काळ शाळेत टिकली, असे एका अभ्यासात दिसले. दुसऱ्या अभ्यासात मोठ्या वयाची काही मुले शाळा सोडून कामाला लागल्याचे आढळले. हे दोन्ही एकाच वेळी शक्य आहे. पुढच्या शिक्षणाचा फायदा दिसतो तेथे मूल रस्त्याने शाळेत जाते. रोजची मजुरी जवळ आलेली असते तेथे तेच मूल कामावर जाऊ शकते. म्हणून नवा रस्ता झालेल्या गावात आठवी ते दहावीच्या मुलांच्या हजेरीकडे शाळा व्यवस्थापन समितीने विशेष लक्ष द्यावे.

रस्ता आहे, पण वाहन?

रस्त्याचा फायदा सर्वांना सारखा मिळत नाही. ज्याच्याकडे मोटारसायकल आहे, त्याला पहिल्या दिवसापासून उपयोग होतो. वाहन नसलेली महिला, विद्यार्थिनी, वृद्ध किंवा दिव्यांग व्यक्ती मात्र वडापची वाट पाहत थांबते. म्हणून रस्त्याबरोबर पुढील योजनांचाही विचार करावा.

*सायकल :* बिहार सरकारने २००६ मध्ये नववीत जाणाऱ्या मुलींना सायकलीसाठी पैसे देण्याची योजना सुरू केली. कार्तिक मुरलीधरन आणि निशीथ प्रकाश यांच्या अभ्यासानुसार, या योजनेमुळे मुलींचा माध्यमिक शाळेतील प्रवेश ३२ टक्क्यांनी वाढला आणि मुले व मुली यांच्यातील तफावत ४० टक्क्यांनी कमी झाली. शाळा तीन किलोमीटरपेक्षा दूर असलेल्या गावांत हा परिणाम अधिक होता. आपल्या राज्यात अशी योजना आहे का, याची चौकशी शाळेत करावी.

*बस :* महाराष्ट्रात १७ मार्च २०२३ पासून एसटीच्या सर्व प्रकारच्या बसमध्ये महिलांना तिकिटात ५० टक्के सवलत मिळू लागली. अहिल्याबाई होळकर योजनेतून ग्रामीण भागातील विद्यार्थिनींना शाळेसाठी मोफत पास मिळतो. कर्नाटकात ११ जून २०२३ पासून शक्ती योजनेद्वारे राज्यातील महिलांना साध्या बसमधून मोफत प्रवास सुरू झाला. परंतु गावात बसच येत नसेल, तर सवलतीचा उपयोग होत नाही. त्यामुळे रस्ता पूर्ण होताच ग्रामसभेने ठराव करून आगाराकडे फेरीची मागणी करावी. शाळेची वेळ आणि बाजाराचा दिवस ठरावात लिहावा.

*बचत गटाचे वाहन :* २०१७ मध्ये राष्ट्रीय ग्रामीण उपजीविका अभियानांतर्गत आजीविका ग्रामीण एक्स्प्रेस योजना सुरू झाली. बस न पोहोचणाऱ्या मार्गांवर बचत गटाच्या सदस्यांनी वाहन चालवावे, गावाला सेवा आणि महिलेला उत्पन्न मिळावे, ही तिची कल्पना आहे. वाहन खरेदीसाठी ६.५० लाख रुपयांपर्यंत बिनव्याजी कर्जाची तरतूद तिच्यात होती. आपल्या तालुक्यातील सद्यःस्थितीची माहिती अभियानाच्या तालुका कक्षात मिळेल.

*रुग्णवाहिका :* जननी शिशु सुरक्षा कार्यक्रमात गरोदर महिलेला घरातून सरकारी रुग्णालयात नेणे, गरज पडल्यास पुढच्या रुग्णालयात पोहोचवणे आणि परत घरी सोडणे ही सेवा मोफत आहे.

रस्त्याची देखभाल आणि तक्रार

रस्ता पूर्ण झाल्यापासून पाच वर्षे देखभालीची जबाबदारी त्याच कंत्राटदाराची असते. खड्डे बुजवणे, साइडपट्ट्या भरणे, गटारे व मोऱ्या साफ ठेवणे ही कामे त्यात येतात. कामाची तपासणी तीन पातळ्यांवर होते : अंमलबजावणी कक्ष, राज्य गुणवत्ता निरीक्षक आणि राष्ट्रीय गुणवत्ता निरीक्षक.

रस्त्याकडेच्या माहिती फलकाचा फोटो काढून ठेवावा. तक्रारीच्या वेळी त्यावरील तपशील उपयोगी पडतो. ‘मेरी सडक’ या मोबाइल ॲपवर फोटो आणि ठिकाणासह तक्रार नोंदवता येते.

वारंवार विचारले जाणारे प्रश्न

*रस्त्यासाठी वैयक्तिक अर्ज करता येतो का?*
नाही. या योजनेत वस्तीला रस्ता मिळतो. ग्रामसभेचा ठराव करून तो जिल्ह्यातील अंमलबजावणी कक्षाकडे आणि लोकप्रतिनिधींकडे द्यावा.

*२०११ नंतर वस्तीची लोकसंख्या वाढली असेल तर?*
चौथ्या टप्प्यासाठी २०११ चीच लोकसंख्या ग्राह्य आहे. मात्र योजनेच्या मूळ मार्गदर्शक सूचनांत जवळजवळच्या वस्त्यांची लोकसंख्या एकत्र धरण्याची तरतूद आहे. आपल्या बाबतीत ती लागू होते का, हे कक्षाकडून लेखी विचारून घ्यावे.

*वस्ती अपात्र ठरली तर?*
राज्याची ग्रामीण रस्ते योजना पाहावी. महाराष्ट्रात मुख्यमंत्री ग्राम सडक योजना आहे.

ग्रामसभेत विचारण्यासाठी पाच प्रश्न

१. आपल्या कोणत्या वाड्या-वस्त्या अजून बारमाही रस्त्याने जोडलेल्या नाहीत?
२. त्या सर्वेक्षणाच्या यादीत आहेत का?
३. मार्गाची पायी पाहणी कधी होणार? ज्यांची जमीन जाणार आहे, त्यांना कळवले आहे का?
४. पाच वर्षांची देखभाल कधी संपते? त्यानंतरचा खर्च कोण करणार?
५. रस्ता झाल्यावर बस, शाळेचे वाहन आणि रुग्णवाहिका येण्याची काय व्यवस्था आहे?

पहिल्या चार प्रश्नांनी रस्ता मिळतो आणि टिकतो. पाचव्या प्रश्नावर हे ठरते की त्या रस्त्याने गावातली मुलगी दहावीनंतर कॉलेजला जाणार, की तो रस्ता फक्त तिच्या दारावरून जाणार.