जिल्हा बँकेच्या खटल्याला २१ वर्षे, मॅडॉफला साडेसहा महिन्यांत शिक्षा. फरक कुठे पडला?

पारशिवनी : नागपूर जिल्हा मध्यवर्ती सहकारी बँकेच्या रोखे घोटाळ्याचा गुन्हा दाखल झाला एप्रिल २००२ मध्ये. निकाल लागला २२ डिसेंबर २०२३ रोजी. मध्ये २१ वर्षांहून जास्त काळ गेला. अमेरिकेत बर्नी मॅडॉफला ११ डिसेंबर २००८ रोजी अटक झाली आणि २९ जून २००९ रोजी १५० वर्षांची शिक्षाही झाली. तिकडची न्यायव्यवस्था एवढी वेगवान आहे का? अशा खटल्यांवर लिहिलेली पुस्तके वाचली, तर उत्तर इतके सरळ नाही हे लक्षात येते.

नेमके प्रकरण काय?

जिल्हा बँकेने २००१-०२ च्या सुमारास सरकारी रोखे खरेदीसाठी होम ट्रेडसह पाच खासगी कंपन्यांना पैसे दिले. पैसे गेले, पण रोखे बँकेच्या हाती आलेच नाहीत. ही रक्कम सुमारे १५० कोटी सांगितली जाते. बँकेचे तेव्हाचे अध्यक्ष आणि नंतर मंत्री झालेले सुनील केदार यांच्यासह सहा जणांना नागपूरच्या न्यायालयाने दोषी ठरवले, तिघांची निर्दोष सुटका झाली. केदार यांना पाच वर्षांची शिक्षा झाल्याने सावनेरची आमदारकी गेली. त्यांनी निकालाला आव्हान दिले. जानेवारी २०२४ मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने त्यांना जामीन दिला. दोषसिद्धीला स्थगिती मात्र मिळाली नाही.

पारशिवनीचा संबंध काय?

पारशिवनी तालुक्यात धान, कापूस, मिरची पिकवणारा शेतकरी पीककर्ज घेतो ते गावातल्या सेवा सहकारी संस्थेतून. त्या संस्थेला पैसा येतो जिल्हा बँकेकडून. त्यामुळे जिल्हा बँकेची तिजोरी रिकामी झाली की पेरणीच्या तोंडावर गावातली संस्थाही हात वर करते. नागपूर, वर्धा आणि बुलढाणा या तीन जिल्हा बँका पुढे इतक्या अडचणीत आल्या की रिझर्व्ह बँकेचा परवानाही त्यांच्याकडे नव्हता. नोव्हेंबर २०१४ मध्ये केंद्राने देशातल्या अशा २३ बँकांसाठी २,३७५ कोटींची योजना मंजूर केली, त्यात या तिन्ही बँका होत्या. म्हणजे खड्ड्याचा मोठा भाग शेवटी सरकारी तिजोरीतून, करदात्याच्या पैशाने भरावा लागला.

हीच युक्ती आधी कुठे दिसली?

१९९२ च्या हर्षद मेहता प्रकरणात. पत्रकार सुचेता दलाल आणि देबाशिष बसू यांचे ‘द स्कॅम’ हे पुस्तक १९९३ मध्ये आले. रोखे प्रत्यक्ष न देता नुसत्या बँक पावतीवर व्यवहार कसे होत होते, ते त्यात उलगडून दाखवले आहे. दहा वर्षांनी नागपुरात तपशील वेगळे होते, पण दुखणे तेच : आधी पैसे, रोखे नंतर. २००२ च्या प्रकरणानंतर रिझर्व्ह बँकेने सहकारी बँकांसाठी नियम कडक केले आणि सरकारी रोखे डिमॅट स्वरूपातच ठेवण्याची सक्ती आली.

अमेरिकेत खटले लवकर कसे संपतात?

बहुतेक वेळा खटला चालतच नाही. डायना हेन्रिक्स यांचे ‘द विझार्ड ऑफ लाइज’ हे पुस्तक मॅडॉफवर आहे. त्याने मार्च २००९ मध्ये सर्व ११ आरोप कबूल केले, त्यामुळे साक्षीपुरावे, उलटतपासणी काहीच झाले नाही. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये नोंदवले की केंद्रीय न्यायालयांतल्या ९७ टक्के आणि राज्यांतल्या ९४ टक्के दोषसिद्धी गुन्हा कबूल केल्यामुळे होतात. याउलट थेरानोसच्या एलिझाबेथ होम्सने आरोप नाकारले. जून २०१८ मध्ये आरोपपत्र आले, ज्युरीचा निकाल लागला जानेवारी २०२२ मध्ये. कोरोनाचा काळ धरला तरी साडेतीन वर्षे. आरोपी लढला की तिकडेही वेळ लागतोच.

या वेगाची किंमतही आहे. हार्वर्डचे कायद्याचे प्राध्यापक विल्यम स्टंट्झ यांचे ‘द कोलॅप्स ऑफ अमेरिकन क्रिमिनल जस्टिस’ हे पुस्तक २०११ मध्ये आले. त्यांचा मुद्दा असा की ज्युरीसमोर होणारा न्याय मागे पडला आणि खरी सत्ता सरकारी वकिलाच्या हाती गेली. मोठ्या शिक्षेची भीती दाखवली की निर्दोष माणूसही कबुली देऊन मोकळा होऊ शकतो, हा या पद्धतीवरचा मुख्य आक्षेप आहे.

मग आपल्याकडे अशी तडजोड का नाही?

तरतूद आहे. २००६ पासून आरोपीला गुन्हा कबूल करून कमी शिक्षा मागता येते. मात्र सात वर्षांहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांना ती लागू नाही. बँक अधिकाऱ्याने केलेल्या विश्वासघाताला जन्मठेपेपर्यंत शिक्षा आहे, त्यामुळे असे खटले पूर्ण चालवावेच लागतात. होम ट्रेडशी संबंधित गुन्हे तर अनेक राज्यांत होते आणि आरोपींचे अर्ज उच्च व सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले.

ठेवीदाराने कशाकडे पाहावे?

तुरुंग आणि वसुली हे दोन वेगळे रस्ते आहेत. मॅडॉफ तुरुंगात गेल्याने कोणाला एक डॉलरही मिळाला नाही. बहुतेक पैसे मिळाले ते न्यायालयाने नेमलेल्या विश्वस्तामुळे. गुंतवलेल्यापेक्षा जास्त रक्कम ज्यांनी काढून घेतली होती, त्यांच्यामागे तो लागला. जेफ्री पिकोवर या एकाच गुंतवणूकदाराच्या वारसांनी ७.२ अब्ज डॉलर परत केले. विश्वस्ताची एकूण वसुली १४ अब्ज डॉलरच्या पुढे गेली.

आपल्याकडे सहकार कायद्याचे कलम ८८ याच कामासाठी आहे. संचालक आणि अधिकाऱ्यांवर नुकसानीची जबाबदारी निश्चित करून त्यांच्याकडून रक्कम वसूल करता येते आणि त्यासाठी फौजदारी निकालाची वाट पाहावी लागत नाही. जिल्हा बँकेच्या प्रकरणातही ही चौकशी झाली. पण चर्चा होते ती शिक्षेची आणि आमदारकीची.

हे लक्षात ठेवा

• सहकारी बँकेतील ठेवीला प्रति ठेवीदार, प्रति बँक ५ लाखांपर्यंत विमा आहे. एकाच बँकेच्या दोन शाखांत पैसे ठेवले तरी मर्यादा एकच.

• ही मर्यादा फेब्रुवारी २०२० पासूनची आहे. त्याआधी १ लाखच होती.

• सेवा संस्थेचे सभासद असाल तर वार्षिक सभेत लेखापरीक्षण अहवाल मागा. संस्थेचा आणि बँकेचा पैसा कुठे गुंतवला आहे, हा प्रश्न तिथेच विचारता येतो. २१ वर्षांनी न्यायालयात उत्तर मिळण्यापेक्षा ते सभेत मिळालेले बरे.